हलाखीची तयारी

बाबा गेले ते कामावर असतानाच गेले, आणि त्याबद्दल कुणाला शंका घ्यायला जागा राहणार नाही अशा बेताने गेले. एका मयत कर्मचाऱ्याच्या घरी हलाखीची तपासणी करायची होती. चार जिने चढून ते दारापर्यंत पोचले आणि छातीवर हात ठेवून शेवटच्या पायरीवर बसले. त्या घरातल्या बाईने धावत पाणी आणलं. बाबांनी एक घोट घेतला, बरोबरच्या सहकाऱ्याकडे मान वळवली आणि म्हणाले, "थंड आहे." मान मग तशीच राहिली.

पाणी थंड, म्हणजे घरात फ्रिज. सहकाऱ्याने तशी नोंद केली. त्या बाईच्या मुलाला नोकरी मिळाली नाही.

ही हकीकत थोरलीने ऐकली तेव्हा तिला रडू फुटलं, आणि रडता रडता असंही वाटून गेलं की बाबा काम अर्धवट टाकून गेले नाहीत.

पाणीपुरवठ्याच्या ऑफिसात नियम होता: कर्मचारी नोकरीत असताना गेला तर घरच्या एकाला नोकरी, दया म्हणून. पण दया करायची तर ती लायक माणसावरच झाली पाहिजे, म्हणून आधी घरी जाऊन बघायचं की घरचे खरंच बुडालेत का. हे बघण्याचं काम बाबांचं. ते घरात फिरायचे आणि शेवटी फॉर्मवर तीनपैकी एक शेरा मारायचे: 'हलाखीत', 'सावरत असलेले' किंवा 'सावरलेले'. नोकरी फक्त हलाखीला. अठरा वर्षांत बाबांनी एकट्याच्या नजरेवर एकशे बारा कुटुंबं सावरली होती. ऑफिसात त्यांना 'भिंग' म्हणत. त्यांना ते कौतुक वाटायचं.

आता त्यांचं स्वतःचं कुटुंब रांगेत उभं होतं. आईला पेन्शन सुरू झाली होती. ती महिन्याच्या पहिल्या तारखेला यायची, घरभाडं द्यायची आणि दमून बसायची. धाकटीचं नर्सिंगचं शेवटचं वर्ष बाकी होतं. सत्तावीस वर्षांच्या थोरलीने बाबांच्या जागी अर्ज केला होता: कनिष्ठ लिपिक, कायम, मरेपर्यंत. तीन महिने ती मुद्दाम कुठे कामालाही लागली नव्हती, कारण घरात एक जरी कमावतं माणूस असलं तरी कुटुंब जागच्या जागी सावरायचं. तिघींचं पुढचं सगळं एका शेऱ्यावर अडकलं होतं. तपासणी बुधवारी अकराला ठरली.

तिघींना एका गोष्टीची खात्री होती. या परीक्षेचा पेपर त्यांच्याइतका कुणाला फुटलेला नव्हता.

बाबा जेवताना कामाचंच बोलायचे. दुसऱ्या घरांत लोक राजकारण बोलतात, यांच्याकडे भिंती बोलायच्या. भिंतीवर फिकट चौकोन म्हणजे तिथलं काहीतरी कालच हललंय. फरशीवर चार गोल डाग म्हणजे कपाट शेजारी गेलंय. कुंडीतल्या रोपाला पाणी घालणाऱ्या घराला अजून उमेद आहे, आणि उमेद हे हलाखीचं लक्षण नाही. "वस्तू म्हणजे काय?" बाबा घास हातात धरून विचारायचे. "वस्तू म्हणजे हरकत." धाकटी लहानपणी खेळणी मोजताना एक हरकत, दोन हरकत असं मोजायची.

"आधी फ्रिज," थोरली म्हणाली. फ्रिज वरच्या मजल्यावरच्या मास्तरीणबाईंकडे गेला. टीव्ही आणि काचेची शेगडी तळमजल्यावरच्या शिंपीदादांच्या दुकानात. कपाट, पंखा, मिक्सर, पडदे, पडद्यांच्या कड्या. फ्रिजच्या मागची भिंत बाकीच्या भिंतीपेक्षा उजळ निघाली, तेव्हा धाकटीने चहाच्या चोथ्याचं पाणी करून ती जुनी केली. ओल्या भिंतीकडे बघत ती म्हणाली, "लोक घर रंगवायला पैसे देतात. आपण फुकटात विटवतोय."

मग तालीम सुरू झाली. थोरली बाबा व्हायची. वही काखेत घेऊन दाराबाहेर जायची, घसा खाकरायची आणि आत यायची. खाकरणं इतकं हुबेहूब जमलं की पहिल्या वेळी आई हसली. तीन महिन्यांत पहिल्यांदा हसली. मग तिचा चेहरा हसण्याच्या मध्येच कुठेतरी थांबला आणि ती मोरीत जाऊन बराच वेळ नळ सोडून उभी राहिली.

पहिल्या तालमीत एकतीस हरकती निघाल्या. दुसऱ्या तालमीत चौदा. तिसरीत फक्त सहा, त्यात एक बाबांचा फोटो.

फोटो मोठा करून घेतलेला, लाकडी चौकटीत, काच लावून. चौकट चांगल्यापैकी होती. दुकानदाराने साधी दाखवली होती, पण आई म्हणाली होती की माणूस एकदाच जातो.

"फोटो राहू दे," थोरली म्हणाली. "फोटोला कोण हरकत घेणार?"

"ते घेणार," आई म्हणाली. "चौकट बघितली असती त्यांनी. काढ."

थोरलीने फोटो उतरवला, खिळा उपटला आणि भोकात साबण भरला. फोटो जुन्या चादरीत गुंडाळून शिंपीदादांकडे गेला आणि टीव्हीच्या मागे, भिंतीकडे तोंड करून उभा राहिला.

इथे थांबायला हवं होतं. पण आईचा हात आता बसला होता. ती सकाळी उठून घरभर फिरायची आणि काहीतरी उचलून बाहेर जायची. एक दिवस खाट गेली. दुसऱ्या दिवशी गाद्या. मग भांडी: आधी कुकर, मग कढई, मग चमचे. दात घासायचे ब्रशसुद्धा तिने तिनाचे दोन केले.

"आई, बास की आता," थोरली म्हणाली. "भिकाऱ्याकडेसुद्धा वाडगा असतो."

"वाडग्याला हरकत येऊ शकते," आई म्हणाली. "ज्याच्यावर बोट ठेवता येईल असं काही ठेवायचंच नाही. नसलेल्या वस्तूला हरकत कोण घेईल?"

यावर उत्तर सुचलं नाही. उत्तर सुचलं नाही म्हणजे समोरचं बरोबर, असं या घरात अठरा वर्षं चालत आलेलं होतं. बुधवारी सकाळी दहा वाजता घरात तीन बायका, एक मडकं आणि एक पेला होता.

तपासणीला आला तो बाबांचा सहकारीच. बाबांच्या मागोमाग नऊ वर्षं फिरला म्हणून ऑफिसात त्याला 'सावली' म्हणत. आता पुढे चालायला माणूसच नव्हता, त्यामुळे तो दारातून आत येतानाही जरा घुटमळला. आत येऊन त्याने वही काढली आणि जिथे फोटो असायला हवा त्या भिंतीकडे तोंड करून, मान खाली घालून उभा राहिला. मान वर केली तर समोर भिंत होती. दुसऱ्या भिंतीकडे बघितलं. तिसऱ्या. मग त्याने काहीतरी लिहिलं.

"बसा ना, काका," थोरली म्हणाली. तो जमिनीवर बसला.

"वहिनी, जरा पाणी."

पाणी मडक्यातलं होतं, वर दोन तास उन्हात ठेवलेलं. तो प्यायला. घोट तोंडात घोळवला. लिहिलं. तिघींनी एकमेकींकडे बघितलं नाही, कारण तालमीत तसंच ठरलं होतं.

"स्वयंपाक कुठे करता?"

"करत नाही," आई म्हणाली.

"मग जेवता कुठे?"

"मिळेल तिथे."

"झोपता?"

"इथेच."

"कशावर?"

आईने जमिनीकडे बोट दाखवलं. त्याने जमिनीकडे बघितलं. जमीन स्वच्छ होती. डाग जावेत म्हणून राखेने तीनदा घासली होती. त्याचं पेन बराच वेळ चाललं. जाताना तो उंबऱ्यावर थांबला, बाहीने डोळे पुसले आणि उतरून गेला.

"रडवेला झाला होता," धाकटी म्हणाली. "निघालं आपलं काम." मास्तरीणबाईंकडून तिघींनी स्वतःच्याच कपांतून चहा मागवला.

बाराव्या दिवशी पत्र आलं. थोरलीने मोठ्याने वाचलं. 'घर रिकामे आढळले. स्वयंपाक होत नाही. अंथरूण नाही. कपडे नाहीत. एक मडके व एक पेला वगळता भांडी नाहीत. मयताचा फोटो अथवा अन्य खूण नाही. सबब सदर कुटुंब सदर पत्त्यावर राहत नसून अन्यत्र सुस्थितीत राहत असावे. शेरा: सावरलेले.'

"एकशे तेरा," धाकटी म्हणाली.

दुसऱ्या दिवशी थोरली ऑफिसात गेली. सावली बाबांच्या टेबलाशेजारच्या छोट्या टेबलावर बसला होता. मोठं टेबल रिकामं होतं. त्यावर त्याने फक्त आपला डबा ठेवला होता.

"काका, तुम्ही आमच्याकडे दहादा जेवलात."

"अकरादा."

"मग आम्ही तिथे राहतो हे तुम्हाला माहीत नाही?"

"माहीत आहे गं, बाळ." त्याचे डोळे भरून आले होते, पण आवाज फॉर्मसारखाच होता. "पण माहीत असलेलं लिहिलं तर तो वशिला झाला. दिसलेलं लिहिलं तर तपासणी. मला साहेबांनी हे पहिल्याच दिवशी शिकवलं. साहेबांच्याच घरात मी वशिला करू?"

"अहो, कुठला वेडा रिकाम्या घरात राहील?"

"तेच तर लिहिलंय मी." त्याने नाक पुसलं. "पुनर्भेटीचा अर्ज दे. तीस दिवसांच्या आत परत यायला लागतं मला. आणि हे बघ, मी काही बोललो नाही, पण घरात माणसं राहतात असं दिसेल एवढं तरी ठेवा."

म्हणजे आता सामान परत आणायचं, पण बेताने. राहतात असं दिसलं पाहिजे, जगतात असं दिसायला नको. थोरलीने यादी केली आणि वर गेली.

मास्तरीणबाईंनी फ्रिज उघडूनच दाखवला. "माझ्या आईचं इन्सुलिन ठेवलंय गं त्यात. आमचा फ्रिज मी भाचीला देऊन टाकला. तुम्हाला नकोच होता ना? आता म्हातारीला काय सांगू?" कपाटात त्यांच्या वह्यांचे गठ्ठे नीट लागले होते. खाली शिंपीदादांनी टीव्हीवरून नजर न हलवता सांगितलं, "ताई, गिऱ्हाईक याच्यासाठीच थांबतं. कपडे काय, कुठेही शिवून मिळतात." काचेची शेगडी त्यांच्या बहिणीकडे पोचली होती. बदल्यात त्यांनी एक जुना रॉकेलचा स्टोव्ह दिला, आणि आमची शेगडीसुद्धा काही नवी नव्हती असं थोरलीने कबूल केल्यावर वर तो पेटवायचा एक काकडाही दिला.

परत आलं ते एवढं: खाट एक, स्टोव्ह एक, भांडी सात, चादरी तीन, आणि बाबांचा फोटो, काच कोपऱ्यातून तडकलेली. ढोंग करायचं होतं ते आता ढोंग उरलं नाही. फी भरली नाही म्हणून धाकटीला वर्गाबाहेर बसवायला लागले. स्टोव्हच्या धुराने भिंती अशा विटल्या की चहाच्या चोथ्याला कधी जमलं नसतं.

एकोणतिसाव्या दिवशी सावली आला, फोटोसमोर मान खाली घालून उभा राहिला आणि बराच वेळ तसाच राहिला. मग सगळं लिहून घेतलं. या खेपेला शेरा 'हलाखीत' असा पडला. कागद सुनावणीसाठी मोठ्या बाईंकडे गेला.

मोठ्या बाई आस्थापनेच्या प्रमुख. वाईट नव्हत्या. त्यांनी थोरलीला बसायला सांगितलं, तुझे वडील म्हणजे या ऑफिसची शिस्त होती असं म्हणाल्या, आणि दोन्ही अहवाल टेबलावर शेजारी शेजारी ठेवले.

"पहिल्या भेटीत एक मडकं, एक पेला," त्या म्हणाल्या. "बरोबर?"

"हो."

"दुसऱ्या भेटीत खाट, स्टोव्ह, सात भांडी, चादरी. फोटो, चौकटीसकट."

"काच तडकलेली आहे, बाई."

"लिहिलंय ते." त्यांनी चष्मा काढून पुसला. "चाळीस-बेचाळीस दिवसांत एवढं. मी इथे बावीस वर्षं आहे, इतक्या झपाट्याने वर येणारं कुटुंब मी बघितलं नाही. मला आनंदच आहे. पण याला हलाखी कशी म्हणू?"

थोरलीच्या लक्षात यायला क्षणभर लागला. "बाई, ते सगळं आमचंच होतं. आधीपासून."

"मग पहिल्या भेटीत कुठे होतं?"

खोलीतला पंखा फिरत होता. थोरलीला उत्तर माहीत होतं आणि त्या उत्तरापुढचा नियमही माहीत होता. सामान लपवलं असं म्हटलं की 'माहिती दडवणे', आणि अर्ज कायमचा बाद, तिचाही आणि धाकटीचाही.

"नव्हतं," ती म्हणाली.

"मग आलं कुठून?"

"आलं. हळूहळू."

"तेच म्हणतेय मी," मोठ्या बाई म्हणाल्या आणि खरोखर मायेने हसल्या. त्यांनी शेरा खोडून वर लिहिलं: 'सावरत असलेले.' "सहा महिन्यांनी पुन्हा अर्ज कर. परिस्थिती खालावली असेल तर पुराव्यासकट. पेन्शन आहे, अंथरूण आहे, चूल आहे. निभेल तुमचं."

घरी आल्यावर थोरलीने सगळं सांगितलं. तिघी खाटेवर बसून घराकडे बघत राहिल्या. आता काय खालावता येईल याचा विचार चालला होता.

"खाट काढू या," धाकटी म्हणाली.

"खाट गेली की पुन्हा राहत नाही म्हणतील."

"स्टोव्ह?"

"स्वयंपाक होत नाही म्हणतील."

"मग मी शिक्षण सोडते."

"त्याला रकानाच नाही फॉर्मवर," थोरली म्हणाली.

मग आईने, भाजीचं विचारावं तशा आवाजात विचारलं, "माझी पेन्शन बंद झाली तर?"

"ती कशी बंद होईल?"

"होते की. माणूस गेलं की होते."

"उत्पन्न शून्य, पालक हयात नाहीत, दोन अविवाहित मुली," थोरली म्हणाली. "थेट हलाखी. पुनर्भेटही लागत नाही." वाक्य पूर्ण झाल्यावर तिला ते ऐकू आलं. बोलण्यापूर्वी ती खाकरलीसुद्धा होती.

धाकटीने तिच्याकडे बघितलं. आईने मान डोलावली.

"बरं," आई म्हणाली. "नुसतं विचारून ठेवलं." आणि स्टोव्हला हवा मारायला उठली.

आईला रक्तदाबाची गोळी होती, रोज सकाळी एक. दुसऱ्या दिवशी आई दळण आणायला गेली तेव्हा धाकटीने डबीतली पाकिटं काढून मोजली. पुन्हा मोजली. मग थोरलीला हाक मारली.

"सात उरायला हव्या होत्या," ती म्हणाली. "एकवीस आहेत."

थोरलीने हिशेब केला. चौदा दिवस. काल विचारलं तेव्हा आईचं आधीच ठरलेलं होतं. तिला फक्त नियमात बसतं का ते बघायचं होतं. बाबा असते तर म्हणाले असते, बाई अभ्यास करून आली होती.

थोरली डबी हातात घेऊन खाटेवर बसली. आईला ओरडून उपयोग नव्हता, रडून नव्हता. अशा गोष्टींना या घरात कधी किंमत नव्हती. किंमत होती ती एकाच गोष्टीला. ती उठली, केस नीट केले आणि बाहेर पडली.

चौथ्या दुकानात काम मिळालं. लाँड्री होती. आलेल्या कपड्यांवर नंबराच्या चिठ्ठ्या टाचायच्या आणि गेलेल्या कपड्यांच्या काढायच्या, सकाळी नऊ ते रात्री आठ. मालकाने सांगितलेला पगार असा होता की ऐकून त्यालाच थोडी लाज वाटली. थोरलीने घासाघीस केली नाही. तिने फक्त नेमणुकीचं पत्र मागितलं, दुकानाच्या कागदावर, शिक्क्यासकट. मालक म्हणाला, पत्र मागणारी तू पहिलीच. शिक्का शोधायला त्याला अर्धा तास लागला.

ते पत्र घेऊन ती पाणीपुरवठ्याच्या ऑफिसात गेली, आवक खिडकीवर एक प्रत दिली आणि दुसरीवर पोच घेतली. सावलीने वाचलं आणि वर बघितलं. "अगं, हे देऊ नकोस. हे फाइलला लागलं की संपलं. सहा महिन्यांनीही काही होणार नाही."

"तेच हवंय, काका," ती म्हणाली. "लावा."

त्याने पत्राला भोक पाडलं आणि फाइलला लावलं. भोक बरोबर मधोमध पडलं.

संध्याकाळी तिने पोच आईपुढे ठेवली. "मी कमावती झाले. आजपासून. ऑफिसात नोंद झालीय. आता तुझी पेन्शन बंद पडली तरी शेरा 'सावरलेले'च येणार. दोघींपैकी कुणालाही नोकरी नाही. वाया जाईल."

आईने पत्र उजेडात धरलं. अठरा वर्षं भिंगाच्या तपासण्या ऐकत जेवलेली बाई होती; तिने ते वरपासून खालपर्यंत वाचलं आणि पुन्हा खालपासून वर.

"तारीख नाही यावर."

"शिक्क्याखाली आहे."

"तात्पुरती नेमणूक धरत नाहीत."

"कायम लिहून घेतलंय. तिसरी ओळ."

आईने तिसरी ओळ वाचली. पत्र उलटं करून मागची बाजू बघितली. तिथे कपड्यांचे दर छापले होते. ते पण तिने वाचले.

"मरेपर्यंतची नोकरी होती ती," आई म्हणाली. "लाँड्रीसाठी घालवलीस."

"हो."

धाकटीने गोळी काढून पुढे धरली. आई बराच वेळ पत्राकडेच बघत होती, एखादी हरकत नजरेतून सुटली असेल म्हणून. मग तिने पत्राची घडी घातली, हात पुढे केला आणि नाइलाज झाल्यासारखी गोळी घेतली.